जुने आयकॉन, नवा डेस्कटॉप : तुमचे अनुभव लिहा

बाबा सत्तरीचे. संगणक शिकले विंडोज ९८ वर. नव्या लॅपटॉपवरची सपाट चित्रं पाहून म्हणाले, "यात माझ्या ओळखीचं काहीच नाही रे." मग एका रविवारी 'माय कॉम्प्युटर', पिवळं फोल्डर, कचरापेटी असे सगळे जुने आयकॉन बसवून दिले. आता पेन्शनची फाइल स्वतः उघडतात. तुमच्यापैकी कोणी असं केलंय का? सविस्तर लिहा.

•

केलंय. काही डाउनलोडही करावं लागलं नाही. माझ्या विंडोज १० च्या सिस्टिम३२ फोल्डरात पिफएमजीआर (pifmgr.dll) आणि मोरआयकॉन्स (moricons.dll) अशा दोन डीएलएल फाइली, म्हणजे विंडोजच्या अंतर्गत फाइली, अजून आहेत; त्यांत आयकॉन साठवलेले असतात. शॉर्टकटच्या प्रॉपर्टीजमध्ये 'चेंज आयकॉन' उघडून त्यांचा पत्ता द्यायचा. पहिलीत छत्री, सफरचंद अशी विंडोज ९५ च्या काळातली चित्रं, दुसरीत डॉसच्या, म्हणजे विंडोजआधीच्या प्रणालीच्या, प्रोग्रामांची. तिथे मला चक्क टर्बो पास्कल, प्रोग्राम लिहायचं जुनं सॉफ्टवेअर, भेटला! डिप्लोमाच्या कितीतरी रात्री त्याच्यासोबत जागून काढल्यात.

•

माझा आधी हिरमोडच झाला. जुना आयकॉन ३२ बाय ३२ ठिपक्यांचा, मोठ्या पडद्यावर ताणला की धुरकटतो. चित्र मोठं करताना 'निअरेस्ट नेबर' (ठिपक्यांचे रंग न मिसळता वाढवणारा पर्याय) निवडा आणि नेमकं आठपट, म्हणजे २५६ करा. मग आयसीओ, म्हणजे विंडोजच्या आयकॉन-फाइलच्या प्रकारात, सेव्ह करा. कडा कात्रीने कापल्यासारख्या राहतात.

•

मी भरतकाम करते. विंडोज ३.० साठी (१९९०) आयकॉन काढणाऱ्या सुझन केअर, ॲपलच्या मॅकिंटॉश संगणकाच्या वेळी चौकटीच्या वहीत चौकोन रंगवून चित्रं ठरवायच्या. हे वाचलं आणि वाटलं, अगं, ही तर आपली क्रॉस-स्टिचची नक्षी! मग माझ्या रुमालावरचा मोर ३२ बाय ३२ मध्ये उतरवला, एक टाका म्हणजे एक ठिपका. जुन्या पद्धतीचे १६च रंग घ्यायचे ठरवलं होतं. पिसाऱ्यातले अर्धे डोळे गाळावे लागले, पण मोर मोरच दिसतो. तो फोटोंच्या फोल्डरवर आहे.

•

लिनक्सवाल्यांनी एक्सएफसीई या डेस्कटॉपवर विंडोज ९५ सारखी दिसणारी 'शिकागो९५' थीम टाकून बघा. स्टार्ट मेनूसकट सगळं येतं.

•

धागा मीच काढला, अडचणही माझीच. बाबांची कचरापेटी भरली तरी रिकामीच दिसते.

•

रिकामी आणि भरलेली, दोन्ही चित्रं लावलीत ना? मग रजिस्ट्रीत (विंडोजच्या सेटिंग्जची नोंदवही) दोन्ही आयकॉनच्या पत्त्यांच्या शेवटी स्वल्पविराम आणि शून्य जोडा. आधी बॅकअप घ्या.

•

जमलं! पेटीत कागद दिसले तसे बाबा लगेच म्हणाले, "थांब, मी रिकामी करतो."