५० लाखांचं गृहकर्ज २० वर्षांत खरोखर केवढ्याला पडतं?

अनघा_हडपसर

हडपसरला बांधकाम चालू असलेल्या इमारतीत टू बीएचके घेतोय. कराराची किंमत ६५ लाख, ताबा अडीच वर्षांनी. कर्ज ५० लाख मंजूर झालंय: २० वर्षं, फ्लोटिंग (बदलता) दर ८.५ टक्के, हप्ता ४३,३९१ रुपये. ३० वर्षांचा पर्यायही पुढे ठेवलाय, त्यात हप्ता ३८,४४६. शिवाय कर्जाबरोबर दीड लाखाचा एकरकमी विमा घ्यावाच लागेल, तो कर्जातच मिळवू, असं सांगितलंय.

कॅल्क्युलेटर एकूण परतफेड १ कोटी ४ लाख दाखवतो. हाच पूर्ण खर्च धरायचा का? की यात न दिसणारं आणखी काही असतं? आम्ही दोघंही नोकरी करतो, दोघांचीही नवी करप्रणाली. दरवर्षी बोनसमधून थोडी रक्कम बाजूला निघेल. ती कर्जात भरावी की गुंतवावी यावर घरात एकमत होत नाहीये. जाणकारांनी आकड्यांसकट सांगावं.

मुद्दल_आधी

अनघाताई, १ कोटी ४ लाख हे गणित चुकीचं नाही. पण दर २० वर्षं ८.५ वरच थांबून राहील असं त्यात धरलंय, आणि फ्लोटिंग कर्जात तसं होत नाही. त्यामुळे आधी हप्त्याच्या आत काय चालतं ते बघा.

पहिल्या महिन्याच्या ४३,३९१ पैकी ३५,४१७ व्याजात जातात, मुद्दल फिटतं फक्त ७,९७४. पहिल्या वर्षात तुम्ही ५ लाख २१ हजार भरता आणि कर्ज जेमतेम १ लाखाने उतरतं. पाच वर्षांत २६ लाख भरून झाल्यावरही ४४ लाख ६ हजार बाकी असतात. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. पाच-सात वर्षांत फ्लॅट विकून मोठा घ्यायचा विचार असेल, तर हे आकडे आधी समोर ठेवा.

३० वर्षांचा पर्याय: महिना ४,९४५ रुपये वाचतात, पण एकूण परतफेड १ कोटी ३८ लाख ४० हजार होते. म्हणजे २० वर्षांच्या मानाने ३४ लाखांहून अधिक जादा. उलट १५ वर्षं घेतलीत तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ५४ लाखांऐवजी साधारण ३८ लाख ६० हजार. जमत असेल तर मुदत २० घ्या आणि हप्ता १५ वर्षांचा असल्यासारखी वरची रक्कम दरमहा जास्त भरा. अडचण आली की ती थांबवता येते, मंजूर हप्ता मात्र थांबवता येत नाही.

आता खरा महागात पडणारा भाग. दर वाढला की बँका बहुतेक वेळा हप्ता तोच ठेवतात आणि मुदत लांबवतात. हप्ता बदलला नाही म्हणून कर्जदाराला काही कळतही नाही. तुमचंच कर्ज धरा. सुरुवातीलाच दर ८.५ चा ९.५ झाला आणि हप्ता ४३,३९१ च राहिला, तर कर्ज २४० नव्हे, जवळजवळ ३०९ महिने चालतं. सुमारे ३० लाख जादा. त्याच वेळी हप्ता ४६,६०७ करून घेतला, म्हणजे महिना ३,२१६ वाढवले, तर मुदत २० वर्षंच राहते आणि जादा जातात ७ लाख ७२ हजार. फरक दराने पडला नाही, मुदत वाढू दिल्याने पडला.

हे काल्पनिक नाही. मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो) ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ झाला. त्या काळात अनेकांच्या मुदती निवृत्तीच्या वयापलीकडे गेल्या. म्हणूनच रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केला: दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायलाच हवा. दर तिमाहीला आजवर वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, हप्त्याची रक्कम, शिल्लक हप्त्यांची संख्या आणि वार्षिक दर दाखवणारं विवरणही द्यायचं. त्या विवरणातला 'शिल्लक हप्ते' हा एकच आकडा वहीत टिपत जा. तीन महिन्यांत तो तीनने कमी झाला नसेल, तर त्याच आठवड्यात शाखेत लेखी अर्ज द्या.

दर खाली येतो तेव्हा उलट करा. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो १ टक्क्याने उतरला. अशा वेळी हप्ता कमी करून मागू नका, तोच चालू ठेवा. मुदत आपोआप आखडते.

आणखी एक, सही करण्यापूर्वी विचारायचं: ८.५ मध्ये बेंचमार्क (आधाराचा दर) किती आणि स्प्रेड (त्यावर बँकेने लावलेली वाढ) किती? बँकांची ऑक्टोबर २०१९ नंतरची फ्लोटिंग गृहकर्जं बाह्य बेंचमार्कला, बहुतेक ठिकाणी रेपोला, बांधलेली असतात आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर बदलावा लागतो. गृहवित्त कंपन्यांना हा नियम लागू नाही. त्यांचा दर स्वतःच ठरवलेल्या प्राइम लेंडिंग रेटवर (मूळ कर्जदरावर) चालतो, त्यामुळे रेपो उतरला तरी तुमचा दर उतरेलच असं नाही.

सातबारा_ते_साठेखत

कर्जाबाहेरचे खर्च राहिले, ते मांडतो.

पुणे महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क उपकरांसह ७ टक्के, म्हणजे ४ लाख ५५ हजार. नोंदणी फी ३० हजार. बांधकाम चालू असल्याने जीएसटी ५ टक्के, ३ लाख २५ हजार. हे सगळं मिळून ८ लाख १० हजार, आणि बँक ही रक्कम घराच्या किमतीत धरत नाही. स्वतःचे १५ नव्हे, २३ लाख हाताशी हवेत. इथेच पुष्कळ जण शेवटच्या क्षणी पर्सनल लोन काढतात आणि पहिली दोन-तीन वर्षं दोन हप्त्यांत अडकतात. खरेदी फक्त तुमच्या एकटीच्या नावावर झाली तर महिलांना मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे, ६५ हजार वाचतील. दोघांच्या नावावर घेतलीत तर ती मिळत नाही. पण तेवढ्यासाठी नाव वगळण्याआधी विचार करा, कारण मालकीत नाव नसलेल्या सहकर्जदाराला व्याजाची करवजावट मिळत नाही. तुमची करप्रणाली नवी असल्याने आज त्याने फरक पडत नाही, जुन्यात परत गेलात तर पडेल.

किंमत ५० लाख किंवा वर असल्याने १ टक्का टीडीएस (विक्रेत्याला पैसे देतानाच कापायचा कर) कापून सरकारकडे भरायचा आहे. तो जादा खर्च नाही, बिल्डरच्या रकमेतूनच जातो. मात्र प्रत्येक टप्प्याला कापावा लागतो. बँक पूर्ण रक्कम बिल्डरला देऊन मोकळी झाली की टीडीएस खिशातून भरून परत मागत बसावं लागतं. पैसे सोडण्याच्या मागणीपत्रावर टीडीएस वजा केलेली रक्कम लिहा.

कर्जाच्या बाजूने: प्रोसेसिंग फी आणि तिच्यावर १८ टक्के जीएसटी, वकील आणि मूल्यांकनाची फी, आणि गहाणखताचं मुद्रांक शुल्क. मूळ कागद ठेवून घेतलेल्या कर्जावर महाराष्ट्रात ते ०.३ टक्के आहे, ५० लाखांवर १५ हजार. त्याची नोटीस ऑफ इंटिमेशन (गहाणाची नोंदणी कार्यालयाला द्यायची सूचना) ३० दिवसांत दाखल व्हायला हवी.

आता विमा. "घ्यावाच लागेल" हे खरं नाही, कर्जासाठी आयुर्विम्याची अशी कायदेशीर सक्ती नाही. दीड लाख कर्जात मिळवले तर हप्ता १,३०२ ने वाढतो आणि २० वर्षांत त्या दीड लाखाचे ३ लाख १२ हजार होतात. शिवाय या पॉलिसीतलं संरक्षण सुरुवातीला ठरलेल्या तक्त्यानुसार घटत जातं. दर वाढून मुदत लांबली तर कर्ज जास्त आणि विमा कमी अशी स्थिती येते. दोघांनी स्वतंत्र टर्म पॉलिसी (नुसतं मृत्यूचं संरक्षण देणारा विमा) घ्या. कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी ती तुमचीच राहते.

प्री-ईएमआयबद्दल कुणी बोललं नाही, पण तुमच्या बाबतीत ती मोठी रक्कम आहे. ताब्यापर्यंत दिलेल्या रकमेवर नुसतं व्याज भरायचं असतं. अडीच वर्षांत सरासरी २५ लाख उचललेले धरले तर ५ लाख ३१ हजार व्याज जाईल आणि मुद्दल एक रुपयाने उतरणार नाही. कॅल्क्युलेटरच्या १ कोटी ४ लाखांत हे नाही. बँकेला पहिल्या वाटपापासूनच पूर्ण हप्ता सुरू करायला सांगा, बहुतेक बँका करतात. आणि पैसे बांधकामाच्या टप्प्यानुसारच सोडायला लावा. ५० लाख लवकर सुटले तर उशिराचा प्रत्येक महिना ३५ हजारांचा पडतो, वर घरभाडं वेगळंच. उशीर झालाच तर महारेराच्या (राज्याच्या गृहबांधकाम नियामकाच्या) नियमांप्रमाणे बिल्डरकडून स्टेट बँकेच्या सर्वोच्च एमसीएलआर (निधीच्या खर्चावरून ठरणारा बँकेचा आधारदर) अधिक २ टक्के दराने व्याज मागता येतं, त्यासाठी करारात ताब्याची तारीख स्पष्ट असावी.

शेवटी, मंजुरीपत्राबरोबर मुख्य तथ्य विवरणपत्र मागून घ्या. ऑक्टोबर २०२४ पासून ते देणं बंधनकारक आहे. त्यात सगळे आकार धरून प्रत्यक्ष वार्षिक दर लिहिलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर नको, या दरावर करा. त्यात न लिहिलेला आकार तुमच्या संमतीशिवाय लावता येत नाही.

चक्रवाढ

वरचे आकडे बरोबर आहेत, पण ५० लाखांचे १ कोटी ४ लाख, म्हणजे "दुप्पट पैसे जातात", असा जो अर्थ त्यातून निघतो त्याला माझी हरकत आहे. विसाव्या वर्षीचा ४३ हजारांचा हप्ता हा आजच्या ४३ हजारांइतका जड नसतो. महागाई ६ टक्के धरली तर त्याची आजची किंमत साडेतेरा हजारांच्या आसपास येते. सगळे २४० हप्ते आजच्या रुपयांत आणले तर बेरीज सुमारे साठ लाख सत्तावन्न हजार. म्हणजे ५० लाखांवरचा खरा भार साडेदहा लाखांचा, ५४ लाखांचा नव्हे. ३० वर्षांच्या कर्जाचा फरकही याच कारणाने दिसतो त्यापेक्षा बराच कमी आहे.

म्हणून भरायचं की गुंतवायचं याचा निर्णय एकूण व्याजाच्या बेरजेवरून करू नका. नवी करप्रणाली असल्याने स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वजावट नाही, त्यामुळे ८.५ हाच तुमचा पूर्ण खर्च. कर्जात भरलेला रुपया करमुक्त, जोखीमशून्य ८.५ टक्के मिळवतो. ७ टक्क्यांची एफडी करानंतर याच्या जवळपासही येत नाही. शेअर बाजार दीर्घकाळात जास्त देऊ शकतो, पण खात्रीने नाही, आणि पहिल्या पाच-सात वर्षांत तर नाहीच नाही. माझं मत: आधी सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला, मग पीएफ चालू, मग उरलेल्यातलं निम्मं-निम्मं. सगळी रोकड कर्जात ओतू नका. नोकरी गेली तर बँक ती परत देत नाही. ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज मिळालं, तर खात्यात ठेवलेल्या रकमेएवढं व्याज वाचतं आणि गरजेला ती काढताही येते. दर थोडा जास्त असतो, तेवढी रक्कम कायम पडून राहणार असेल तरच घ्या.

अनघा_हडपसर

सर्वांचे आभार. ३० वर्षं आणि विमा दोन्ही बाद. एक शंका: मध्येच एकरकमी भरल्यावर हप्ता कमी करावा की मुदत? आणि पुढे दुसऱ्या बँकेने कमी दर दिला तर बदलावं का?

मुद्दल_आधी

@चक्रवाढ, आजच्या किमतीचा मुद्दा मान्य. पण तो पगार महागाईबरोबर वाढत राहिला तरच लागू पडतो, हे धरून चाला.

अनघाताई, मुदत. पहिल्या वर्षाअखेर ५ लाख भरले असं धरा. हप्ता कमी केला तर तो ३८,९६४ होतो आणि पुढे निव्वळ ५ लाख ९ हजार वाचतात. हप्ता तोच ठेवून मुदत कमी केली तर चार वर्षं कमी होतात आणि निव्वळ १६ लाख वाचतात. अर्जात "हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी" असं शब्दांत लिहा आणि नवा परतफेडीचा तक्ता मागा. व्यक्तिगत फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचं शुल्क घेता येत नाही, बँकांना २०१२ पासून मनाई आहे.

वेळही महत्त्वाची. पहिल्या वर्षाअखेर भरलेला १ लाख शेवटचे ११ हप्ते पुसतो, दहाव्या वर्षाअखेर भरलेला ५. मोठी रक्कम नसली तरी चालेल. दरवर्षी एक हप्ता जास्त भरला तर कर्ज १६ वर्षं ९ महिन्यांत संपतं. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवला तर साधारण सव्वाबारा वर्षांत, आणि व्याज ५४ ऐवजी साडेचौतीस लाखांच्या आसपास.

बँक बदलण्याआधी आहे त्याच बँकेकडे स्प्रेड कमी करून मागा, रूपांतर शुल्क बदलण्याच्या खर्चापेक्षा सहसा कमी असतं. बदललंत तर गहाणखताचं ०.३ टक्के शुल्क, वकील, मूल्यांकन हे सगळं नव्याने. ४४ लाख बाकी, १५ वर्षं उरलेली आणि दर ९ चा ८.५ झाला, तर महिना सुमारे १,३०० वाचतात, १५ वर्षांत २ लाख ३४ हजार. खर्च वजा जाता फायदाच. पण नवी बँक पुन्हा २० वर्षांची मुदत पुढे करते. तेव्हा हप्ता ४४,६२८ चा ३८,१८४ झालेला दिसतो आणि एकूण परतफेड ११ लाखांनी वाढते. शेवटच्या पाच वर्षांत मात्र बदलण्यात अर्थ नाही, व्याज तेव्हा उरलेलंच थोडं असतं.

सातबारा_ते_साठेखत

कर्ज फिटल्यानंतरचं एक राहिलं. पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत मूळ कागद परत द्यावे लागतात, बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, हा डिसेंबर २०२३ पासूनचा नियम. कागद देतानाच यादी करून पोच घ्या, फेडीच्या वेळी त्याच यादीवर ताडून परत घ्या. मग सेरसाईवरचा (तारण मालमत्तांच्या केंद्रीय नोंदवहीतला) बोजा उतरल्याची खात्री करा आणि सोसायटीच्या दप्तरातली बँकेची नोंद काढून घ्या. आणि ताबा मिळाल्यावर महापालिकेत पीटी-३ अर्ज भरायला विसरू नका, स्वतः राहत असल्याची मिळकत करातली ४० टक्के सवलत त्यावरच मिळते.