मागे बसलेल्या मुलीचा पाय चाकात: डब्ल्यू२३ की व्ही१८?

नवी_कोडर

अमेरिकन ईडीचा (इमर्जन्सी विभागाचा) एक चार्ट होल्डवर ठेवलाय, आयसीडी-१०-सीएम (आजार आणि इजांच्या अमेरिकन कोडची यादी) मधले कोड लावायचेत, आज काहीही करून क्लोज करायचाय. पाच वर्षांची मुलगी वडिलांच्या सायकलवर मागच्या सीटवर बसली होती. घराच्या ड्राइव्हवेतून दोघं निघाले, समोरच्या फुटपाथवर आले आणि तिचा डावा पाय मागच्या चाकाच्या स्पोकमध्ये गेला. वडिलांनी लगेच ब्रेक लावला. सायकल पडली नाही, कशाला धडकली नाही, मुलगीसुद्धा खाली आली नाही. टाचेला लॅसरेशन (फाटलेली जखम), फॉरेन बॉडी (आत अडकलेली वस्तू) नाही, एक्स-रेमध्ये फ्रॅक्चर नाही. टाके घातले आणि घरी सोडलं.

डायग्नोसिस एस९१.३१२ए, त्यात शंका नाही. गाडं अडलंय एक्स्टर्नल कॉजवर, म्हणजे इजा कशी झाली ते सांगणाऱ्या कोडवर. एन्कोडरमध्ये (कोड शोधायचं सॉफ्टवेअर) 'कॉट' टाकलं की डब्ल्यू२३ (वस्तूंमध्ये अडकणं, चिरडणं) पुढे येतो, आणि प्रोव्हायडरनेही 'फूट कॉट इन स्पोक्स' असंच लिहिलंय. शेजारी बसणारा म्हणतो व्ही१८ (टक्कर न होता सायकलवरच्या माणसाला झालेली इजा) घे. पण व्ही१८च्या नोंदीत पडणं आणि उलटणं एवढंच दिसतं, इथे तर कुणीच पडलं नाही. आणि समजा व्ही१८ घेतला, तरी फुटपाथ म्हणजे नॉनट्रॅफिकच ना? तिथे गाड्या कुठे असतात? ट्रायाज नोटमध्ये (आल्याबरोबर केलेली पहिली नोंद) नुसतं 'बायसिकल इंज्युरी' आहे, चालवत होती की बसली होती काही नाही. ते सगळं डॉक्टरांच्या एचपीआयमधून (काय, कसं झालं त्याची नोंद) कळतं.

नाइटशिफ्टवाला

डब्ल्यू२३ टाक आणि पुढचा चार्ट उघड. एक्स्टर्नल कॉजवर पेयर (विमा कंपनी वगैरे) पैसे देत नाही आणि देशभर लागू होईल अशी सक्तीही नाही. प्रॉडक्टिव्हिटी कोण सांभाळणार?

ऑडिटवाली

नाइटशिफ्टवाले, सक्ती नाही हे खरं, पण राज्याचा किंवा पेयरचा नियम असेल तर आहे. आणि सक्ती नाही म्हणून चुकीचा कोड लावायची मुभा कुणी दिली? नसेल लावायचा तर लावू नका. लावायचा तर नीट लावा.

नवी_कोडर, तुझी खरी अडचण 'कॉट' या क्रियापदाची आहे. एन्कोडर शब्द पकडतो, प्रसंग पकडत नाही. टॅब्युलर (कोडची क्रमवार यादी) उघड आणि डब्ल्यू२३ खालचं एक्स्क्लूड्स वन (हा कोड कुठे लावायचा नाही ती टीप) वाच. वाहतुकीसाठी वापरात असलेल्या वाहनामुळे झालेली इजा तिथून सरळ व्ही०१–व्ही९९ कडे पाठवली आहे. सायकल चालत होती, मुलगी तिच्यावर बसून कुठेतरी जात होती, म्हणजे हा ट्रान्सपोर्ट अॅक्सिडेंट. विषय संपला. हीच मुलगी अंगणात उलटी ठेवलेली सायकल पाहून चाक फिरवत बसली असती आणि बोट अडकलं असतं, तर मी स्वतः डब्ल्यू२३ लावला असता. तिथे सायकल वाहन म्हणून वापरात नाही.

आता 'कुणी पडलंच नाही' हे. व्ही१८च्या नोंदीत पडणं, उलटणं लिहिलंय ती इन्क्लुजन टर्म्सची (नमुन्यादाखल दिलेल्या प्रसंगांची) यादी आहे. त्या यादीबाहेरचं काही बसतच नाही असा तिचा अर्थ नसतो. माणसाशी, सायकलशी, गाडीशी, खांबाशी टक्कर असेल तर व्ही१० ते व्ही१७. यातलं काहीच झालं नाही, मग राहतं ते नॉनकोलिजन.

फुटपाथचा मुद्दा मात्र नीट समजून घे, कारण ऑडिटमध्ये मला सगळ्यात जास्त एरर इथेच सापडतात. 'ट्रॅफिक' म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर हॉर्न आणि सिग्नल येतात. आयसीडीच्या धडा २० (एक्स्टर्नल कॉज) मधली व्याख्या तशी नाहीच. पब्लिक हायवे म्हणजे दोन्ही बाजूंच्या मालमत्तेच्या हद्दींमधली अख्खी रुंदी, लोकांना हक्काने किंवा रिवाजाने ये-जा करायला खुली असलेली. त्यातल्या गाड्या चालतात त्या पट्ट्याला वेगळं नाव आहे, रोडवे. फुटपाथ रोडवेमध्ये येत नाही, पण हायवेमध्ये येतो. म्हणजे ट्रॅफिक. प्रसंग हायवेवर सुरू झाला, तिथे संपला किंवा वाहन थोडंसं जरी हायवेवर असलं, तरी ट्रॅफिकच. त्यामुळे ते ड्राइव्हवेतून निघाले याने काही बदलत नाही. सगळं ड्राइव्हवेतच घडलं असतं तर नॉनट्रॅफिक, म्हणजे पॅसेंजरसाठी चौथं अक्षर .१. आणि चार्टमध्ये जागेचा उल्लेखच नसता तर व्ही१०–व्ही८२ साठी ट्रॅफिकच धरायचं असतं. अंदाजाने नॉनट्रॅफिक करायची सवय कुठून लागते देव जाणे.

ट्रॅफिकमध्ये चौथं अक्षर: ड्रायव्हर .४, पॅसेंजर .५, कळत नसेल तर .९. एचपीआयमध्ये मागच्या सीटवर बसली होती असं स्वच्छ लिहिलंय, त्यामुळे .९ चा आसरा घ्यायचा नाही. ट्रायाज नोट मोघम आहे, विरोधी नाही. क्वेरीची (डॉक्टरांना लेखी विचारायची) गरज नाही.

तर एस९१.३१२ए आधी, मग व्ही१८.५एक्सएक्सए. जागेसाठी वाय९२.४८० फुटपाथ, अॅक्टिव्हिटी वाय९३.५५. दोन्ही एक्स विसरू नकोस, ते रिकाम्या जागा भरतात म्हणजे ए (उपचार चालू असतानाची भेट) सातव्या जागी येतो. व्ही१८.५ला थेट ए जोडला की कोड इनव्हॅलिड आणि क्लेम परत. आणि व्ही कोड कधीही पहिल्या जागी नाही.

नवी_कोडर

ताई, एकदम क्लिअर झालं. हद्द ते हद्द हे कुणी सांगितलंच नव्हतं. आता पुढचं: चार्टमध्ये एका ठिकाणी 'कार्गो बाइक' लिहिलंय. मोटर असलेली असेल तर?

ऑडिटवाली

मग खेळच वेगळा. पेडल सायकल म्हणजे फक्त पेडलने, मोटरशिवाय चालणारं वाहन. १ ऑक्टोबर २०२२ पासून इलेक्ट्रिक सायकलसाठी मोटरसायकल रायडरच्या गटात स्वतंत्र कोड आहेत. हाच प्रसंग ई-बाइकवर घडला असता तर व्ही२८.५१एक्सए. इथे एक्स एकच लागतो, कारण पाचवं अक्षर आधीच भरलेलं आहे. पण कार्गो बाइक साधीही असते. मोटरचा उल्लेख कुठेच नसेल तर मोटर आपण बसवायची नाही. वडिलांचा जबाब, नर्सिंग नोट, सगळं एकदा चाळ. चार्टमध्येच दोन वेगवेगळ्या गोष्टी दिसल्या तर मात्र क्वेरी टाक.

पेडिॲट्रिक_चार्ट

यात भर घालतो. माझ्याकडे सायकलला जोडलेल्या ट्रेलरमधली मुलं येतात. नवीन लोक त्यांना सरळ पादचारी करून टाकतात, ट्रेलर बाबागाडीसारखा दिसतो म्हणून. बाबागाडी पादचाऱ्यात जाते हे बरोबर, पण सायकलला जोडलेल्या ट्रेलरमधला किंवा साइडकारमधला माणूस व्याख्येनेच पेडल सायक्लिस्ट आहे. म्हणजे ते मूल पॅसेंजर. आणि सीटवर चढताना किंवा उतरताना लागलं असेल तर .३, तिथे ट्रॅफिक-नॉनट्रॅफिकचा वादच नाही.

नाइटशिफ्टवाला

बरं, ताई जिंकल्या. टाके काढायला आली की काय, सगळे कोड परत?

ऑडिटवाली

जिंकण्याहरण्याचं काय त्यात. टाके काढायला आली तर एस९१.३१२डी आणि व्ही१८.५एक्सएक्सडी, डी म्हणजे नंतरची भेट. इजेच्या टाक्यांना झेड४८.०२ (टाके काढण्याचा कोड) नको. वाय९२ आणि वाय९३ पहिल्या एन्काउंटरला एकदाच द्यायचे असतात, ते इथे परत येत नाहीत.