'द स्वार्म' मालिकेतल्या मिथेनच्या बर्फाबद्दल मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. २०२३ची 'द स्वार्म' घरी सगळ्यांनी पाहिली. समुद्रतळातली एकपेशीय पण बुद्धिमान जमात माणसावर उलटते, कल्पनाच जबरदस्त! लेकीच्या डोक्यातून मात्र मिथेन हायड्रेट (मिथेन वायू अडकलेला समुद्रतळातला बर्फ) पोखरणारे किडे जात नाहीत. हा बर्फ खरोखरच असतो, काडी लावली की पेटतो, हे तिला ठाऊक आहे. नॉर्वेजवळ सुमारे ८ हजार वर्षांपूर्वी स्टोरेगाला समुद्रतळ घसरून त्सुनामी आली, ती हायड्रेट वितळल्यामुळेच का? आणि आपल्या किनाऱ्याला असा धोका आहे का? अकरावीच्या प्रकल्पासाठी हवंय. दोनापावलच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत कुणाची ओळख आहे का? म्हापशाहून कधीही येऊ. मराठीतला एखादा लेख असल्यास जरूर सुचवा.