अहमदाबाद: आईला घेऊन पोळांमधून फिरायचंय, खासगी गाइड सुचवा

सायली_डोंबिवली
नमस्कार. फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात मावसभावाच्या लग्नाला मणिनगरला जातोय. लग्न शनिवारी आहे, शुक्रवार अख्खा मोकळा. आम्ही चौघं: मी, नवरा, बारा वर्षांचा मुलगा आणि आई. आई ७२ वर्षांची आहे, शाळेत मराठी आणि इतिहास शिकवायची. डावा गुडघा दुखतो. सपाटीवर हळूहळू तासभर चालते, पायऱ्या नकोत. जुनं शहर, म्हणजे तिथल्या पोळांमधल्या जुन्या वस्त्या, बघायची तिला फार हौस आहे. गटाबरोबर गेलो की ती मागे पडते, मग "तुम्ही व्हा पुढे" म्हणते आणि कुठेतरी बसून राहते. ते मला या वेळी अजिबात होऊ द्यायचं नाही. म्हणून फक्त आमच्यापुरता गाइड हवाय. मराठी बोलणारा मिळाला तर उत्तम, हिंदीही चालेल. बजेट दोन हजार, त्यावर नाही, कारण लग्नाचा खर्च समोर आहे. कुणी घेतलाय का असा गाइड?

विहंग७
ताई, खासगी गाइड कशाला? महापालिकेचा हेरिटेज वॉक करा. सकाळी आठला कालुपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून निघतो आणि जामा मशिदीपाशी संपतो. १९९७ पासून चालू आहे. मी दोनदा केलाय, दोन्ही वेळा गाइड उत्तम होता. चौघांचा नाश्ता होईल तेवढ्या पैशात काम होतं.

सायली_डोंबिवली
धन्यवाद. पण तो गटाने असतो ना? आईचा प्रश्न तिथेच येतो.

विहंग७
गट असतो, पण फार वेगात नेत नाहीत. दोन-अडीच तास.

घाटपांडे_काका
दोन-अडीच तास ७२ वर्षांच्या बाईला? त्यांनी लिहिलंय तासभर. नीट वाचा.

रेवा_बडोदा
आम्ही गेल्या वर्षी खासगी गाइड घेतला होता, फक्त आम्ही दोघं. साडेचार हजार दिले आणि एक रुपयाही वाया गेला नाही. गाइड स्वतः पोळीतच वाढलेली बाई. तिने ओळखीच्या घरात नेलं, चौकातली दगडी झाकणी उचलून खालचं टाकं दाखवलं. पावसाचं पाणी छपरावरून नळीने खाली उतरतं आणि वर्षभर टाक्यात राहतं. त्या घरातल्या आजी अजून त्याच पाण्याचा चहा करतात, आम्हालाही दिला. गटाच्या वॉकमध्ये हे मिळत नाही. सायलीताई, बजेट थोडं वाढवाच.

नंदू_प
आमच्या गाइडने अर्धा तास पोळ आणि दीड तास बांधणीच्या दुकानात बसवलं. बायकोने चार साड्या घेतल्या, त्या घरी आल्यावर पहिल्या धुण्यात रंग सोडायला लागल्या. हॉटेलातल्या माणसाने गाठून दिलेला गाइड होता. हॉटेलवाल्यामार्फत कधीच घेऊ नका. पर्यटन खात्याचं ओळखपत्र गळ्यात आहे का बघा, आणि "दुकानात जायचं नाही" हे पैसे ठरवतानाच सांगा.

रेवा_बडोदा
बांधणी घ्यायचीच असेल तर जामनगरची घ्या.

नंदू_प
आम्हाला घ्यायचीच नव्हती हो!

मिलिंद_ठाणे_प
गाडी कुठली घेताय? गुजरात मेलने जा. रात्री झोपलं की सकाळी अहमदाबाद. वंदे भारतमध्ये बसून बसून आईंचा गुडघा आखडेल.

प्राची१९
उलट वंदे भारत बरी. ज्येष्ठांना रात्रीच्या गाडीत झोप लागत नाही, आणि खालचा बर्थ मिळेलच याची खात्री नसते. माझ्या सासूबाईंना मधला मिळाला होता, रात्रभर टीटीईच्या मागे फिरलो.

मिलिंद_ठाणे_प
ज्येष्ठांच्या कोट्यातून काढलं असतं तर मिळाला असता.

प्राची१९
कोट्यातूनच काढलं होतं.

सायली_डोंबिवली
तिकिटं झाली आहेत, कर्णावती. गाइडचं कुणी सांगेल का?

अरुंधती_क
मी तिथे सहा वर्षं राहिले आहे, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

पोळ म्हणजे एकच गल्ली नव्हे. एका दरवाजाच्या आत वसलेली अख्खी वस्ती असते, तिच्यात खडक्या, म्हणजे आणखी छोट्या गल्ल्या. जमीन बहुतेक सपाट आहे, पण फरशी उंचसखल आहे आणि स्कूटर अगदी अंगाला घासून जातात. गुडघ्यापेक्षा स्कूटरची काळजी जास्त घ्या. काठी असेल तर ती गल्लीच्या बाजूच्या हातात नको.

सकाळच्या वॉकची सुरुवात छान आहे. १८२२ चं स्वामिनारायण मंदिर, त्याचं लाकडी कोरीवकाम, मग लांबेश्वरच्या पोळीत कवी दलपतराम यांचा पुतळा. त्यांचं घर जिथे होतं तिथेच ते बसलेले दाखवले आहेत. शेजारी बसून माणसं फोटो काढतात, आईंना तिथे टेकताही येईल. पुढे हाजा पटेलच्या पोळीत काळ्या रामाचं देऊळ. मग देरासरं, म्हणजे जैन मंदिरं. चामड्याचा पट्टा आणि पाकीट बाहेर ठेवावं लागतं, आत फोटो नाहीत. काही देरासरांत पायऱ्या उतरून जायचं असतं, तिथे आईंनी थांबलेलं बरं.

शेवटाकडे माणेक चौक आणि त्याला लागून बादशाहचा हजिरा, म्हणजे अहमदशाहाची कबर. तिथे मधल्या दालनात बायकांना प्रवेश नाही. आईंना आधी सांगून ठेवा, नाहीतर उन्हातून तिथवर चालून दारातून परत फिरायची वेळ येते. माझ्या आईच्या बाबतीत हेच झालं आणि ती दिवसभर गप्प होती. राणीचा हजिरा समोरच आहे, पण त्याच्याभोवती कपड्यांचा बाजार.

जामा मशीद १४२४ ची. अंगण मोठं, सावलीत बसता येतं, आणि आतले २६० खांब बघताना माणूस खरंच गप्प होतो. तुमचा दिवस शुक्रवार आहे. दुपारच्या नमाजाच्या वेळी बघायला सोडत नाहीत, त्यामुळे साडेदहा-अकराच्या आत उरकायला हवं.

विहंग७
हेच सगळं वॉकमध्ये येतं. म्हणून म्हणतोय, वॉक करा.

खाबूगिरी_सुहास
माणेक चौक रात्री नाही बघितला तर काय बघितलं! सकाळी भाजी, दुपारी सोन्याचांदीची उलाढाल, आणि रात्री दुकानं मिटली की त्याच फरशीवर खाऊगल्ली. चॉकलेट सँडविच, घोटाळा डोसा, कुल्फी. आम्ही रात्री साडेअकराला गेलो तर बसायला जागा नव्हती. मुलगा खूश होईल. गाइडचे दोन हजार तिथे खर्च करा.

घाटपांडे_काका
रात्री साडेअकराला, गुडघा दुखणाऱ्या आजींना?

खाबूगिरी_सुहास
मुलाबद्दल लिहिलंय काका.

प्रसन्न_सातारा
जागतिक वारसा शहर म्हणून २०१७ मध्ये युनेस्कोच्या यादीत आलं, भारतातलं पहिलं. पण आपल्या लोकांना तिथली आपली सत्ता माहीतच नसते याचं वाईट वाटतं. १७५३ मध्ये रघुनाथराव आणि दमाजी गायकवाड यांनी अहमदाबाद घेतलं. मध्ये खंबायतचा नवाब मोमीन खान याने ते परत मिळवलं. १७५८ पासून १८१७ पर्यंत ते पेशवे आणि गायकवाड यांच्याकडे होतं. रायखडला गायकवाड हवेली आहे. पोळांमधल्या काही घरांचं लाकूडकाम मराठा वळणाचं आहे, चांगला गाइड असेल तर तो थांबून दाखवतो. आईंना इतिहासाची आवड आहे तर हे आवर्जून विचारा.

रेवा_बडोदा
अहो, पण तिथल्या लोकांच्या आठवणीत ती सत्ता म्हणजे करांचा जाच. दोन मालक, दोघांचे दोन वसूलदार. आमच्या गाइडने हे स्पष्ट सांगितलं आणि मला ते आवडलं. फक्त अभिमानाचं तेवढंच ऐकायला कुणी शहर बघायला जाऊ नये.

प्रसन्न_सातारा
जाच नव्हता असं मी म्हणालेलो नाही. पण त्याच काळातली एक गोष्ट सांगतो आणि थांबतो. मराठ्यांचा सुभेदार चिमणाजी रघुनाथ याने १८१२ मध्ये तीन दरवाजा या जुन्या कमानीवर देवनागरीत हुकूम कोरून लावला. मुलीला वडिलांच्या मिळकतीत तिचा वाटा बिनतक्रार मिळावा. जो देणार नाही तो हिंदू असेल तर महादेवाला जाब देईल, मुसलमान असेल तर अल्लाला. आपल्याकडे कायद्याने हे यायला किती वर्षं लागली ते बघा. ही पाटी त्या कमानीवर आहे आणि खालून रोज हजारो माणसं जातात.

सायली_डोंबिवली
हे मला अजिबात माहीत नव्हतं! आत्ता आईला वाचून दाखवलं. ती मोबाईल हातात घेऊन तीनदा वाचत बसली आहे.

अरुंधती_क
सहा वर्षं राहून मी ती पाटी नीट बघितली नाही. तीन दरवाजाखालून किती वेळा गेले असेन. तिथल्या दिव्याबद्दल मात्र ऐकलं होतं. लक्ष्मी रात्री शहर सोडून निघाली. कोतवालाने तिला वचनात अडकवलं, "मी परत येईपर्यंत जाऊ नको," आणि बादशाहाकडे जाऊन स्वतःचं शीर दिलं. तो परत आलाच नाही, म्हणून लक्ष्मी इथेच राहिली, अशी गोष्ट. कमानीच्या कोनाड्यात तिच्यासाठी दिवा तेवतो आणि एक मुसलमान कुटुंब तो सांभाळतं.

मिलिंद_ठाणे_प
तीन दरवाजा म्हणजे तुफान गर्दी. पाकीट सांभाळा. माझं भद्रच्या किल्ल्याच्या बाजूला मारलं होतं.

प्राची१९
कॅलिको म्युझियमही बघा, कापडाचं असं संग्रहालय देशात नाही. आधी नोंदणी लागते, आयत्या वेळी गेलात तर परत पाठवतात. आम्हाला परत पाठवलं.

नंदू_प
अडालजची वाव, म्हणजे जुनी विहीर, बघा. पण पायऱ्या आहेत.

घाटपांडे_काका
पायऱ्या नकोत असं पहिल्याच परिच्छेदात आहे.

मानसी_पुणेकर
माझं मत वेगळं आहे. जुनं शहर गाइडबरोबर बघायचंच असेल तर आधी आपली कसबा पेठ बघा, तांबट आळीत तांब्याची भांडी ठोकताना बघा. आईंना प्रवासही कमी पडेल.

सायली_डोंबिवली
मानसी, लग्न मणिनगरला आहे गं. कसबा पेठेत नक्की जाऊ पुन्हा कधीतरी.

विहंग७
मग शेवटी काय ठरलं? वॉकची नोंदणी करा लवकर, फेब्रुवारीत गर्दी असते.

रेवा_बडोदा
मी त्या गाइडबाईंना विचारलं. चौघांसाठी चार हजार म्हणतात, आईंच्या वेगाने चालतील, मध्ये एका घरात बसवतील. खरंच विचार करा. बजेट वाचलंय, पण आईंबरोबर असे दिवस किती मिळतात?

सायली_डोंबिवली
सगळ्यांचे मनापासून आभार. कालपासून घरात याच्यावरच बोलणं चाललंय. शेवटी ठरलं ते तुम्हा कुणाच्याच सल्ल्यासारखं नाही, म्हणून आधीच माफी मागते.

खासगी गाइड घेत नाही. रेवाताई, तुमचं म्हणणं मला लागलं आणि मी चार हजाराला तयारही झाले होते. आईनेच नको म्हटलं. म्हणाली, "मला वीस ठिकाणं नकोत. मला ती पाटी बघायची आहे." तिचा विषय असा की आजोबांच्या घरात तिला आणि मावशीला काही मिळालं नाही. दोघींकडून सही घेतली होती. सह्या करताना कुणी काही बोललं नाही, आणि पुढेही आमच्या घरात त्यावर कधी बोलणं झालं नाही. काल पहिल्यांदा ती माझ्यापाशी बोलली, तेही स्वयंपाकघरात पाठमोरी उभी राहून.

तर नवरा आणि मुलगा आठच्या वॉकला जातील, विहंग यांनी सांगितल्याप्रमाणे. मी आणि आई रिक्षाने सकाळी लवकर तीन दरवाजाला जाऊ, दुकानं उघडायच्या आत. पाटी बघायची, दिवा बघायचा, जितका वेळ तिला उभं राहायचंय तितका. तिथून जामा मशिदीच्या सावलीत बसून बापलेकांची वाट बघू. पोळ एकही झाली नाही तरी चालेल. उरलेल्या पैशातून मावशीलाही बोलावून घेते, ती सुरतेला असते, सकाळच्या गाडीने येईल.

प्रसन्न_सातारा
ताई, मी ते फक्त वादात लिहून गेलो होतो. काकूंना नमस्कार सांगा. दुर्बीण असेल तर घेऊन जा, लेख वर आहे, खालून अक्षरं लागायची नाहीत. आणि सकाळचं ऊन कुठल्या बाजूने येतं ते बघून उभे राहा, कोरीव अक्षर तिरक्या उन्हात चांगलं उठतं.

विहंग७
तीन दरवाजासाठी एवढं लांब जाऊन पोळ न बघता परत यायचं? निदान दलपतरामांचा चौक तरी करा, रिक्षाने जवळच पडेल.

घाटपांडे_काका
त्यांना हवं ते करू द्या. सायलीताई, घडीचं स्टूल न्या. दरवाजापाशी बसायला काही नाही, आणि आता दोघी बहिणी आहेत, तर दोन न्या.

सायली_डोंबिवली
एक माळ्यावर आहे काका. दुसरं उद्या आणते.