हिरवा ठिपका

"काम करत असाल तर टाइमशीट भरायला त्रास काय?" असं एकाने विचारलं, त्यावरून आठवलं. आमच्याकडे दर १५ मिनिटांचा हिशोब लागायचा. त्यात 'विचार करत होतो' याला कोड नव्हता. मग शुक्रवारी संध्याकाळी अख्खी टीम आठवड्याचे तास रचत बसायची, आणि त्यात गेलेला अर्धा तासही कुठल्यातरी प्रोजेक्टच्या बोकांडी!

घरून काम सुरू झालं तशी हिरव्या ठिपक्याची भर पडली. मायक्रोसॉफ्ट टीम्स या ऑफिसच्या चॅट अ‍ॅपवर नावापुढे हिरवा ठिपका म्हणजे माणूस हजर; पाचेक मिनिटं हात हलला नाही की ठिपका पिवळा. एका सहकारी मुलीने माउसखाली काट्यांचं घड्याळ ठेवलं होतं. सेकंदकाटा फिरला की कर्सर हलायचा. कामचुकार म्हणाल, पण ती बाळाला पाजायला उठत होती. तेच काम रात्री ११ पर्यंत बसून पुरं करायची, तेव्हाचा ठिपका कोण बघतो?

महाराष्ट्राच्या २०१७ च्या दुकाने व आस्थापना कायद्याने दिवसाला ९ तास ठरवले, वर ओव्हरटाइमला दुप्पट पगार. (आयटीवाल्यांना हे सांगितलं की हसतात. मीही हसलो होतो.) २०२५ मध्ये ते १० करायला मंत्रिमंडळाने मंजुरीही दिली.

त्याआधीच्या वर्षी पुण्यात २६ वर्षांची सीए नोकरीच्या चारेक महिन्यांत गेली, तिच्या आईने कामाच्या ताणाबद्दल लिहिलेलं पत्र सगळीकडे फिरलं. कंपनी वेगळी, पण आमच्याकडेही लगेच हालचाल झाली: ताण-व्यवस्थापनाचा वेबिनार. शनिवारी. हजेरी सक्तीची.