मदत हवी आहे: विंडोज ११ वर जुने गेम

नमस्कार मंडळी, परभणीहून लिहितोय. दिवाळीत पोरांसाठी घरचा पीसी ३२ बिट विंडोज १० वरून ११ वर नेला. फॉरमॅट मारून घेतला, फोटो वाचले, पण माझे गेम गेले. सीडीतला सेटअप दाबला की 'हे ॲप तुमच्या पीसीवर चालणार नाही' एवढंच येतं. कम्पॅटिबिलिटी मोडमध्ये (जुन्या विंडोजसारखं चालवायची सोय) विंडोज ९५ निवडून पाहिलं, काही फरक नाही. विंडोज ११ फक्त ६४ बिटमध्येच येतं आणि त्यात १६ बिट, म्हणजे फार जुन्या धाटणीचे, प्रोग्राम चालत नाहीत, हे नंतर कळलं. गंमत म्हणजे कित्येकदा गेम ३२ बिटचा असतो, सेटअप तेवढा १६ बिटचा.

डॉसचे (विंडोजच्या आधीच्या सिस्टीमचे) गेम डॉसबॉक्सवर, म्हणजे डॉसची नक्कल करणाऱ्या प्रोग्रामवर, सुरू झाले. प्रिन्स ऑफ पर्शिया मस्त पळतोय, कंट्रोल एफ११-एफ१२ ने वेगही जमला. पण दर वेळी माउंटची कमांड (गेमचा फोल्डर डॉसबॉक्सला ड्राइव्ह म्हणून जोडणारी) हातानं मारावी लागते, लेकराला ते कुठं जमणार?

तर दोन गोष्टी सांगा. ती कमांड आपोआप चालावी म्हणून डॉसबॉक्सच्या कॉन्फिग (सेटिंगच्या) फाइलीत नेमकं कुठं लिहायचं? आणि विंडोज ९५-९८ च्या काळातले कोणते गेम तुमच्याकडे ११ वर खरंच चालतात? स्वतः चालवून पाहिलेलेच सांगा. पीसीत ४ जीबी रॅम आहे, वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही.