‘माहेरची साडी’ची जुनी पोस्टरं, हँडबिलं ऑनलाइन कशी जपू?

पंचवटीकर:
वडील नाशकात सिनेमाची पोस्टरं चिकटवायचे. सायकल, खळीची बादली आणि पहाटेची वेळ. ते गेल्यावर माळ्यावरच्या पत्र्याच्या पेटीत ‘माहेरची साडी’ची (१९९१) तीन पोस्टरं, वीसेक हँडबिलं आणि पेपरातली कात्रणं निघाली.

नेटवर अलका कुबलचा चेहरा दिसतो, पण पोस्टराची खालची पट्टी कुठेच दिसत नाही. थिएटरचं नाव, ‘रोज ४ खेळ’, सगळं कापलेलं. पोस्टर गावोगाव सारखंच असायचं हो, नाशिकचं म्हणून जे काही आहे ते त्या पट्टीतच! एका दुकानात स्कॅनला दिलं, तर त्याने कडा ‘साफ’ करून नेमकी पट्टीच उडवली. कागद शाबूत आहे, नशीब. आता घरीच करायचंय.

जुनापेपर:
कडा अजिबात कापू नका. हँडबिलं ६०० डीपीआयला (इंचाला ६०० ठिपके) स्कॅन करा, मूळ फाइल टिफमध्ये, म्हणजे बारकावे जात नाहीत. जेपीईजी फक्त अपलोडसाठी. पोस्टर स्कॅनरवर मावणार नाही, तेव्हा सपाट पसरून दिवसाच्या मऊ उजेडात बरोबर वरून फोटो घ्या. सेलोटेप आणि लॅमिनेशन नकोच. आणि मागची बाजूही घ्या, कोरी वाटली तरी.

सिडकोवाली:
आर्काइव्ह डॉट ऑर्गवर टाकता येईल, पण पोस्टराचे हक्क निर्मात्याकडे असू शकतात, तेवढं आधी बघून घ्या. नावात सिनेमा, साल, ‘नाशिक’ आणि थिएटर, चारही लिहा, नाहीतर शोधणाऱ्याला सापडणारच नाही. हँडबिलावर नुसतं ‘शुक्रवारपासून’ असेल तर तारखेसाठी सावानात (नाशिकच्या सार्वजनिक वाचनालयात) जुने पेपर आहेत का विचारा. मूळ कागदांसाठी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला पत्र लिहा. १९६४ पासूनची संस्था आहे, पोस्टरं आणि गाण्यांच्या पुस्तिकाही जपते. फाळक्यांच्या नाशिकची पट्टी तिथे असायलाच हवी.

पंचवटीकर:
जुनापेपर, मागची बाजू बघितली. एका पोस्टरामागे वडिलांच्या अक्षरात पेन्सिलीने लिहिलंय: ‘र. कारंजा २, भद्रकाली ३, सीबीएस २, पंच. ४’. कुठे किती लावायची त्याचा हिशोब! हात थरथरत होता, तीनदा फोटो घ्यावा लागला. पहिली फाइल हीच चढवतोय.